खुर्चीवर बसलेली बाई

उमरी, रविवार

ती. धुरपताअक्कास धाकट्या विनोदचा जय भीम.

गुडघा कसा आहे? डॉक्टर चालायला सांगतो आणि तू डॉक्टर बदलतेस, असं दाजींकडून कळलं. इकडे मी आणि तुझी बुद्धप्रिया ठणठणीत.

कळवायचं असं, की तुझ्या लेकीनं नाटक लिहिलं. बाई सरपंच होते, पण खुर्चीवर बसतो नवरा. (याला प्रायोगिक म्हणतात. मला तर ते रोजचंच वाटलं.) मागचा पडदा मी रंगवला. तीस वर्षं दुकानांच्या पाट्या अन् पुढाऱ्यांचे वाढदिवस रंगवले, सांगतील तेवढं गोरं केलं. या वेळी पहिल्यांदा कुणी काही सांगितलं नव्हतं. मी बाईला खुर्चीत बसवलं आणि नवऱ्याला दाराबाहेर उभं केलं.

प्रयोगाच्या सकाळी हॉलचे मालक महादेवप्पा पडदा बघून थबकले. त्यांच्या घरच्या, केवळाबाई, शेजारच्या गावच्या सरपंच. "हा बाहेरचा माझ्यासारखा दिसून राहिला," म्हणाले. मी म्हटलं, मिशी काढतो. "मिशी राहू दे. मला खुर्चीत बसव अन् तिला बाहेर काढ." माझा हात रंगाच्या डब्याकडे गेला. (सवय, अक्का.) तेवढ्यात बुद्धप्रिया हळूच म्हणाली, "मामा, ब्रश खाली ठेव."

ठेवला. त्यांनी हॉलला कुलूप घातलं. आम्ही मोंढ्यात गेलो, केळीच्या दोन ट्रकांमध्ये पडदा बांधला आणि भर दुपारी नाटक केलं. हमाल पोती सोडून बसले. वाऱ्यानं पडदा फुगला की चित्रातली सरपंच गरोदर दिसायची, तरी कुणी उठलं नाही. अर्ध्यात केवळाबाई आल्या, ग्रामपंचायतीची खुर्ची टेम्पोत घालून, आणि सगळ्यांच्या पुढं मांडून बसल्या. महादेवप्पा मागं उभे. नाटक संपल्यावर बाई मला म्हणाल्या, "चित्र बरं हाय. पण तिचे हात भ्यायल्यावानी काढलेत." मी तिथंच हात बदलले. आता कुणीही सांगो, ते बदलणार नाहीत.

तुझा
विनोद

ता. क. त्याच दुपारी बुद्धप्रियाची बँकेची परीक्षा होती. ती गेली नाही. मीही जा म्हणालो नाही.

पुन्हा ता. क. शनिवारी लातूरला प्रयोग आहे. नाटकातल्या सासूला तिच्या खऱ्या सासूनं अडवलंय. बुद्धप्रिया म्हणते, आईसारखं खडसावणं कुणाला जमत न्हाई. संवाद सोबत जोडलेत. आमच्यावर रागवायला तू येणारच आहेस, तर स्टेजवर येऊनच रागाव. माईक चांगला आहे.