लंगडी चांदणी

प्रिय छोटे,

हे पत्र मुद्दाम तू शिकवतेस त्या शाळेच्या पत्त्यावर टाकतेय, घरच्या नाही. आईला नवं औषध मिळणार म्हणून तू हरखून गेलीस आणि मी फोनवर नुसतं हूं हूं करत राहिले. तुला राग आला असणार. येऊ दे.

माझ्या कामाला तू कायम हसतेस. विचार करणाऱ्या पेशी सोडून ताई मेंदूतल्या मोलकरणी मोजत बसते, म्हणतेस. अगं, त्या ग्लायल पेशी म्हणजे आपली आईच. सगळ्यांना भरवायचं, पसारा आवरायचा, आणि नाव कुणी काढायचं नाही. आईच्या या विसरण्याच्या आजारात त्या सुजतात. आमच्या प्रयोगशाळेत तुझ्या नवऱ्याने शोधलेल्या औषधाने ती सूज उतरते म्हणे.

आमच्याकडे मोजणीची एक रीत आहे. उंदरांच्या मेंदूच्या फोटोंवर नुसती खूण असते. कुठला उंदीर निरोगी, कुठल्याला औषध दिलंय, हे मोजणाऱ्याला कळू द्यायचं नाही, नाहीतर माणसाला हवं तेच दिसतं. खुणांचा उलगडा फक्त तुझ्या नवऱ्याकडे. मी मोजलं, त्याने खुणा उघडल्या, औषध लागू पडलं, सगळ्यांच्या आधी मीच टाळ्या वाजवल्या!

परवा त्यातले दोन फोटो सहज शेजारी ठेवले. एक निरोगी उंदराचा, दुसरा औषधाने बऱ्या झालेल्याचा. दोन्हींत तीच चांदणीसारखी पेशी, एक पाय तुटलेली. मोजतानाच मी तिचं नाव लंगडी ठेवलं होतं. दुसऱ्या फोटोत फक्त आरशात दिसावी तशी उलटी. म्हणजे निरोगी उंदराचाच फोटो उलटवून मला पुन्हा मोजायला दिला होता. बरा झालेला उंदीर गेला कुठे?

घाईत चूक झाली असेल म्हणून त्यालाच विचारलं. तो हसला, ताई, चष्म्याचा नंबर तपासून घ्या म्हणाला. दुसऱ्या दिवशी फोटोंच्या कपाटाला नवं कुलूप. तेव्हा मात्र मनात पाल चुकचुकली. तो हल्ली तुझा फोनही चाळतो, असं तूच मागे हसत सांगितलं होतंस. मला तेव्हाही हसू आलं नव्हतं.

मला जळकी म्हण, संशयी म्हण. पण सोमवारी आईच्या संमतीच्या कागदावर सही करू नकोस. तिला माझ्याकडे आणून सोड आणि भांडणाचं खापर माझ्यावर फोड. मला भीती वाटतेय गं. तुला माझं पटत नसेल, तर जेवताना त्याला एवढंच विचार: त्याच्या स्वतःच्या आईलाही हाच आजार आहे, मग पहिली सुई आपल्याच आईला का?

तुझीच भांडकुदळ,
ताई