हुकूम परत म्हण

प्रिय ठमाबाई,

तुझा निरोप मिळाला. चौकशीच्या आधीच राजीनामा देते आणि घरी येते, एवढंच लिहिलंस. बाबा नुसता चष्मा पुसत बसले. मी मशीनवर होते. कुणाच्या तरी कोटाचं अस्तर उलटं जोडलं गेलं, मग सगळं उसवलं.

इकडची खबर म्हणजे आपल्या घराचं जहाज झालंय. मागच्या सुट्टीत तू सांगितलंस ना, कप्तानाने हुकूम सोडला की सुकाणूवाला तो शब्दाला शब्द परत म्हणतो, मग चाक फिरवतो आणि फिरवून झालं की पुन्हा सांगतो. तोवर हुकूम पोचला असं कुणी धरत नाही. बाबांना हल्ली कमी ऐकू येतं, म्हणून मी तेच घरात सुरू केलं. मी म्हणते गॅस बंद करा, ते म्हणतात गॅस बंद करतो, आणि स्वयंपाकघरातून ओरडतात, गॅस बंद केला. उभ्या संसारात ज्या माणसाने माझं ऐकलं नाही, तो आता माझं बोलणं घोकतो. हा नियम लग्नातच लावायला हवा होता.

उलटलेल्या होडीतली माणसं उचलायला तू जहाज वळवलंस, बंदरात उशिरा पोचलीस, माल सडला, आणि कंपनी विचारते कुणाला विचारून वळवलंस. बाबा खालच्या वकीलकाकांकडे जाऊन बसले. ते म्हणाले, बुडत्याला वाचवणं हे कप्तानाचं कर्तव्यच आहे, आणि त्या निर्णयाच्या आड मालकालाही येता येत नाही. बाबांनी तिथल्या तिथे ते परत म्हणून दाखवलं. वकीलकाका बघतच राहिले.

पण कायदा तुला आम्ही काय शिकवणार? कंपनीला तू भीत नाहीस, हे मला कळतं. वाचलेल्या सगळ्यांचं तू फोनवर सांगितलंस. जिचा हात तुमच्या हातून सुटला, त्या म्हाताऱ्या बाईचा विषय निघाला की मात्र लाइन खराब आहे म्हणतेस. लाइन चांगली असते गं. मला तुझा श्वास ऐकू येतो.

फोनवर तू मला बोलू देत नाहीस, म्हणून हे पत्र. तू घरी यावंस असं माझ्याइतकं कुणाला वाटत नाही. तुझ्या कोटाच्या बाहीवरची कप्तानाची चौथी पट्टी मीच शिवली आणि शिवताना रडले, आता पोरगी आणखी लांब जाणार म्हणून. तीच मी सांगते, राजीनामा फाड. तोच कोट घालून चौकशीला जा. त्या बाईचं सांगताना रडू आलं तर रड, पण सांग. मग घरी ये आणि हवं तितकं राहा. आजवर सोडलेले माझे हुकूम तू कधी ऐकले नाहीस, हा एक ऐक. बाबा फोन मांडीवर घेऊन बसलेत. फोन कर आणि शब्दाला शब्द परत म्हण. तोवर हुकूम पोचला असं मी धरणार नाही.

तुझीच, वाट बघणारी,
आई