साखरपोऱ्याचा मान

वेंडलशॅम,
मंगळवार, दुपार

तीर्थरूप अराबा मावशी,

कागदावर जितकं वाकता येतं तितकं वाकून तुझा भाचा एको तुला नमस्कार करतो. तुझे गुडघे कसे आहेत? टॉटनममध्ये उकडतंय असं आई म्हणाली, म्हणजे ते दुखत नसावेत. चर्चच्या महिला मंडळाच्या अध्यक्षपदी तू पुन्हा निवडून आलीस, त्याबद्दल अभिनंदन. (तुझ्याविरुद्ध उभं राहायची कोणाची छाती झाली नाही, हेही कळलं.) काकांचा रक्तदाब आणि काकांचं बुद्धिबळ, दोन्ही पूर्वीसारखंच असेल. मी इथे खुशाल आहे. खुशाल म्हणजे ताप किंवा खोकला नाही, आणि भूक लागते. त्यापलीकडे काही विचारू नकोस, मी सांगतोच.

प्रत्येक शब्द कोशात बघून लिहितोय, म्हणून पत्राला वेळ लागला. ज्याला शाळेतून काढून टाकायच्या बेतात आहेत, अशा मुलाच्या पत्रात चुका असू नयेत. लोक लगेच म्हणतात, "हं, म्हणूनच!"

तर आता ते आलंच. मला शाळेतून काढून टाकायच्या बेतात आहेत. शुक्रवारी सकाळी विश्वस्तांपुढे माझी चौकशी आहे. आईला अजून काही सांगितलेलं नाही. माझ्या शिष्यवृत्तीची बातमी तिने, ती चालवते त्या बसच्या सगळ्या मार्गावर, थांब्या-थांब्यावर, चढणाऱ्या-उतरणाऱ्याला सांगितली होती. आता तीच बातमी तिला उलट दिशेने सांगत यावं लागेल, या कल्पनेने मला दोन घास कमी जातात. (वर भूक लागते असं लिहिलंय. लागते, पण जेवण जात नाही.)

झालं असं. आमच्या शाळेचे संस्थापक साखरेचे व्यापारी होते. ती साखर कुठल्या बेटावर व्हायची आणि तिथे राबायचं कोण, हे तुला मी सांगायला नको, आणि शाळेच्या माहितीपत्रकातही ते सांगितलेलं नाही. त्यांच्या नावाने दर जूनमध्ये मेजवानी असते. त्या वेळी निळ्या कागदात गुंडाळलेला साखरेचा एक उंच सुळका चांदीच्या तबकात ठेवून भोजनगृहातून मिरवत नेतात. तो जो नेतो त्याला म्हणतात साखरपोऱ्या. पहिला साखरपोऱ्या संस्थापकांच्या घरचा नोकर होता, आपल्याच घानाच्या किनाऱ्यावरून आणलेला. तो वारल्यावर काम विद्यार्थ्यांकडे आलं आणि मुलं तोंडाला काजळी फासून ते करू लागली. तुमच्या तरुणपणी कधीतरी काजळी बंद झाली, पण तबक राहिलं. जुने फोटो भोजनगृहाच्या भिंतीवर ओळीने टांगलेले आहेत. मी रोज त्यांच्याखाली बसून लापशी खातो.

या वर्षी आमच्या वसतिगृहाचे प्रमुख टॅम्ब्लिन सर मला बोलावून म्हणाले, "बाळा, काळ बदलतोय. या वर्षी हा मान तुझा!" मावशी, त्यांच्या डोळ्यांत खरंच पाणी होतं. काजळी फासलेल्या गोऱ्या मुलांनी इतकी वर्षं केलेलं काम आता, प्रगती म्हणून, बिनकाजळीच्या काळ्या मुलाला मिळणार होतं. मला हो म्हणवेना आणि नाही म्हणायला तुझे संस्कार आडवे आले. मी म्हणालो, "सर, हे मला नको वाटतंय, पण विचार करून सांगतो." त्यांनी पाठीवर थाप मारली. याचा अर्थ इथे 'ठरलं' असा होतो.

यात दुखावला गेला थर्लवेल. हा आमचा मॉनिटर, गाल कायम गुलाबी. त्याचे आजोबा साखरपोऱ्या होते, वडील साखरपोऱ्या होते, दोघेही काजळीसकट भिंतीवर आहेत. तो वर्षभर आरशापुढे ट्रे धरून चालायचा सराव करत होता. त्याने मला जिन्यात गाठलं. "आमच्या घराण्याचं आहे ते! तुम्हा लोकांना सगळंच हवं असतं का रे?" मी मनापासून म्हणालो की बाबा, घेऊन जा, तुझ्या पाया पडतो. तर म्हणे, "आता भीक घालतोस?" म्हणजे काळ्या नोकराची जागा एका काळ्या मुलाने लाटली, हा त्याच्यावर झालेला अन्याय. मी दोन रात्री विचार केला, पण या तक्रारीला उत्तर कुठल्या विषयाच्या पुस्तकात असेल तेच समजेना.

(इथे एक गोष्ट आधी सांगायला हवी होती. ऑक्टोबरपासून दर सोमवारी माझ्या उशीवर कोळशाचा एक तुकडा ठेवलेला असायचा. सुरुवातीला मी अशी समजूत करून घेतली की खोली गार आहे हे कोणालातरी जाणवलं असेल. मग उन्हाळा आला तरी कोळसा येतच राहिला. मी ते सगळे तुकडे बुटांच्या खोक्यात ठेवले आहेत. का ठेवले, ते विचारू नकोस.)

मेजवानीच्या आदल्या संध्याकाळी सुळका नाहीसा झाला. तासाभरात खोल्यांची झडती झाली आणि माझ्या उशीखाली निळा कागद आणि मूठभर साखर सापडली. शिवाय कपाटात तुझी शितोची बरणी सापडली, ती 'अज्ञात काळा पदार्थ' म्हणून वेगळी जप्त झाली. टॅम्ब्लिन सरांनी झाकण उघडून जोरात वास घेतला. त्यांना खोकल्याची जी उबळ आली तीही बहुधा माझ्या खात्यावर मांडली जाईल. (सुक्या मासळीची आणि मिरचीची चटणी आहे, असं मी सांगितलं. "असं तू म्हणतोस," ते म्हणाले.) थर्लवेलने साक्ष दिली की त्याने त्या काळ्या मुलाला कोठीच्या खोलीकडून पळत येताना पाहिलं. 'त्या', एवढंच. इथे आम्ही दोघे आहोत, मावशी, पण कोणता, असं त्याला कोणी विचारलं नाही.

दुसरा म्हणजे सोमटो. लागोसचा आहे, वडिलांची तेलाची जहाजं आहेत. उंची इतकी की दारातून वाकून येतो, अंगाने बांबू. मी त्याच्या कोपरापर्यंत पोचतो आणि माझं पोट तू पाहिलंच आहेस. पण टॅम्ब्लिन सर पहिल्या आठवड्यापासून मला सोमटो म्हणतात आणि सोमटोला एको. मोठ्या माणसांना चारचौघांत दुरुस्त करू नये, असं तूच शिकवलंस. पहिल्या वेळी मी दुरुस्त केलं नाही, दुसऱ्या वेळी पहिली वेळ आडवी आली, आणि मग वर्ष गेलं.

आता ऐक. सुळका चोरीला गेला त्या संध्याकाळी, जेवणाच्या घंटेपर्यंत, मी टॅम्ब्लिन सरांच्याच खोलीत त्यांच्याशी बुद्धिबळ खेळत होतो. दर रविवारी खेळतो. आणि दर रविवारी हरतो, कारण सर मनाने चांगले असले तरी खेळात काकांपेक्षाही कच्चे आहेत, आणि वडीलधाऱ्यांना हरवायचं नसतं हे मी काकांबरोबर खेळूनच शिकलो. (काकांना हे वाचून दाखवू नकोस.) सरांसाठी हरणं सोपं नसतं. ते आपला वजीर असा उघड्यावर सोडतात की तो न मारण्याचं कारण शोधता शोधता मला घाम फुटतो. स्टाफरूममध्ये ते सगळ्यांना सांगतात, "पोरगा गुणी आहे, पण अजून मला एकदाही हरवता आलेलं नाही!"

झडतीनंतर मी म्हणालो, "सर, मी तर तुमच्याकडेच होतो."

"छे! माझ्याकडे सोमटो होता."

"सर, तो मीच."

त्यांनी माझ्याकडे बघितलं, मनापासून बघितलं, आणि दुःखाने मान हलवली. "एको, दुसऱ्याच्या नावामागे लपू नकोस."

मावशी, या वाक्यात त्यांनी वर्षभरात पहिल्यांदा माझं नाव बरोबर घेतलं.

मी सोमटोकडे गेलो. तो त्या संध्याकाळी शाळेतच नव्हता. परवानगी न घेता लंडनला, पेकमच्या आपल्यातल्या न्हाव्याकडे, केस कापायला गेला होता. (इथल्या गावातला न्हावी मला पाहिल्यावर "आज बंद आहे" म्हणाला होता, गिऱ्हाइकाच्या गळ्याभोवती फडकं बांधलेलं असताना. त्यामुळे माझ्या डोक्यावर इस्टरपासून झाडी वाढली आहे.) सोमटो कानशिलं कोरून, मानेवर रेघ मारून परत आला. म्हणजे त्या दिवशी एकाच्या डोक्यावर जंगल होतं आणि दुसऱ्याच्या डोक्यावर क्रिकेटची खेळपट्टी. मी सरांना म्हणालो, निदान डोकी तरी बघा! सर म्हणाले, "केस कापलेत का कोणी? लक्षात नाही आलं."

सोमटोला खरं बोल म्हणून विनवलं. तो म्हणाला, "अरे बुटक्या, मला शेवटची ताकीद मिळालीय. खरं बोललो तर मी बाहेर."

"आणि नाही बोललास तर मी बाहेर."

"पण तुला सवय आहे ना सोसायची! तुम्ही घानावाले त्यातच पटाईत. तुमचा जोलोफ भातसुद्धा सोसण्यासाठीच करता." (याला मी काय उत्तर दिलं ते तुझ्यापुढे लिहिण्यासारखं नाही, पण तुला अभिमान वाटेल.)

मग मी स्वतः तपास केला. माणसांवरचा विश्वास उडाला होता, तर मुंग्या मदतीला आल्या. कोठीच्या खोलीच्या उंबऱ्यापासून त्यांची रांग निघाली होती. मी रांगत तिच्या मागे गेलो, वरच्या मजल्यापर्यंत, आणि ती शिरली थर्लवेलच्या क्रिकेटच्या पिशवीत. चेन अर्धी उघडी होती. आत पॅडच्या मागे उरलेला सुळका आणि एक पत्र्याचा डबा. डब्यात कोळसा. मी धापा टाकत सरांना हाताला धरून आणलं. माणसामाणसांत फरक न करणारे या शाळेत मुंग्या एवढेच रहिवासी आहेत, आणि ते माझ्या बाजूने साक्ष देत होते.

सरांनी पिशवीत डोकावून पाहिलं. मग म्हणाले, "थर्लवेल चित्रं काढतो. कोळसा त्यासाठी." साखरेचं ते काही बोलले नाहीत. मुंग्यांच्या बंदोबस्तासाठी त्यांनी लगेच माणूस बोलावला. आणि माझ्याकडे वळून अगदी हळू आवाजात विचारलं, "पण दुसऱ्याच्या पिशवीत काय आहे, हे तुला कसं कळलं, एको?" तेव्हापासून माझ्यावर एक नाही, दोन आरोप आहेत.

मेजवानी झाली. सुळक्याऐवजी रस्त्यावर ठेवतात तो प्लास्टिकचा शंकू निळ्या कागदात गुंडाळला आणि तो थर्लवेलने मिरवला. त्याचे आजोबा रडले. मी माझ्या खोलीच्या खिडकीतून, समोरच्या भोजनगृहात, पाहिलं, कारण मला खोलीबाहेर जायची बंदी होती. लोक एका वाहतुकीच्या शंकूपुढे उभे राहून माना लववत होते, आणि त्या क्षणी मला पक्कं कळलं की शुक्रवारी माझं काही खरं नाही. ज्यांना साखर आणि प्लास्टिक यांतला फरक बघायची गरज वाटत नाही, त्यांना मी माझ्यात आणि सोमटोत काय फरक दाखवणार?

एकच वेडी विनंती मी लिहून दिली, की सोमटोला शुक्रवारी सरांशी एक डाव खेळायला लावा. सोमटोला बुद्धिबळ येत नाही, म्हणजे रविवारी समोर तो नव्हता हे सरांनाही दिसेल. विश्वस्तांच्या अध्यक्षीणबाई वृद्ध आहेत आणि त्यांना जेवणापूर्वी निकाल हवा असतो. त्या हो म्हणाल्या. माझी सगळी आशा एवढीच.

तर मावशी, तू काळजी करू नकोस, कोणाला सांगू नकोस, आणि मुख्य म्हणजे इकडे येऊ नकोस. तुझ्या गुडघ्यांना जिने झेपायचे नाहीत. काकांना नमस्कार. चूकभूल कोशाची.

तुझा,
शाळा अर्धी झालेला,
एको बायडू

ता. क. बरणी परत मिळाली नाही. जमल्यास दुसरी कर, पण पाठवू नकोस, मीच घरी येईन असं दिसतंय.

ता. ता. क. पाकीट चिकटवणार तेवढ्यात सोमटो आला. दारातून वाकून, पण या वेळी जरा जास्तच वाकून. पलंगावर बसला आणि म्हणाला, "एको, भावा, तो घोडा कसा चालतो रे?" मी हातातलं पाकीट खाली ठेवलं. "शुक्रवारी खेळावं लागणार आहे. इथे दुसऱ्या कोणाला विचारणार?" मावशी, मला फासावर चढवायचं आहे आणि दोरीची गाठ कशी मारायची ते मीच शिकवायचं. चुकीचं शिकवावं असं क्षणभर मनात आलं, घोडा सरळ आणि उंट उड्या मारत. पण चुकीचं शिकवणं मला जमत नाही. तोंडातून बरोबरच येतं. दोन तास बसलो. पोरगा भलताच हुशार निघाला. संध्याकाळपर्यंत तो टॅम्ब्लिन सरांना दहा चालींत गुंडाळेल इतका तयार झाला होता, आणि डोळ्यांत अशी चमक की समोर कोणीही असो, याला जिंकल्याशिवाय झोप लागायची नाही.

मी त्याला सगळं शिकवलं. फक्त सरांशी हरायचं असतं, हे तेवढं सांगितलं नाही.

ता. ता. ता. क. सोमटोची चिंता करू नकोस. शाळेच्या पोहण्याच्या तलावावर त्याच्या वडिलांनी छप्पर घातलंय. ते उतरवल्याशिवाय त्याला कोणी काढणार नाही. आणि वर येऊ नकोस म्हणालो, ते खोडलं असं समज. शुक्रवारी सकाळची पहिली गाडी धर. आईलाही आण, पण सगळं गाडीत बसल्यावर सांग, म्हणजे उतरता येणार नाही. चर्चचा पिवळा पोशाख आणि तो मोठा फेटा घाल, एकदा तरी इथे आपल्यातलं कोणी ओळखू आलं पाहिजे. माझ्या बाजूची खुर्ची रिकामी आहे, तिच्यावर बस आणि डाव संपेपर्यंत, हात जोडतो, एक अक्षर बोलू नकोस. सर हरतील. वर्षभरात पहिल्यांदाच हरतील, तेही सगळ्यांसमोर, आणि ते लाल होऊन ओरडतील, "हा तो मुलगाच नव्हे!"

त्यानंतर मी तुला अडवणार नाही.