दुसरी सही

मी, भीमराज किसन सोनकांबळे, वय त्रेसष्ट, धंदा मोटार इलेक्ट्रिशियन, मूळचा नांदेड जिल्ह्यातला, सध्या राहणार रहाटणी, हे मृत्युपत्र स्वतःच्या मर्जीने लिहून ठेवतो. यकृताचा कर्करोग आहे, डोक्याचा नाही. डॉक्टरांचा तसा दाखला सोबत जोडला आहे. कोणी दबाव आणलेला नाही. माझ्यावर दबाव आणणारी एकच व्यक्ती या घरात आहे आणि ती या क्षणी भाजी निवडते आहे.

१. रहाटणीचा फ्लॅट आणि बँकेत जे असेल ते सगळं माझी पत्नी मंजुळाबाई हिचं. तिच्यानंतर मुलगी रुपाली हिचं. मंजुळाने माझ्यामागे उपास-तापास करून तब्येत बिघडवू नये. ती ऐकणार नाही, तरी लिहितो.

२. तळवड्याच्या गॅरेजमधला माझा निम्मा हिस्सा रुपालीला. उरलेला निम्मा पहिल्यापासून माझा भागीदार इब्राहिम मुलाणी याचा आहे, त्याला कोणी हात लावू नये.

३. मेव्हणे लक्ष्मणराव यांना आमचा जुना टीव्ही द्यावा. मी कर्ज काढून गाड्या तपासायचा स्कोप घेतला तेव्हा घरी एका बारशाला जमलेल्या माणसांसमोर त्याचा पडदा बघून त्यांनी विचारलं होतं, "दाजी, टीव्ही एवढा बारका घेतला व्हय?" त्यांना मोठा मिळावा अशी माझी इच्छा आहे.

४. तो स्कोप रुपालीला. गाडीतला सेन्सर कॉम्प्युटरला जो इशारा पाठवतो, त्याचा ग्राफ या पडद्यावर दिसतो. चांगल्या सेन्सरचे डोंगर एकसारखे येतात. बिघडलेल्याचा एखादा डोंगर खचतो, कधी मध्येच सपाट होतो. रुपालीला हे वाचायला मी नाही, इब्राहिमने शिकवलं. ती कंपनीत मोठ्या हुद्द्यावर आहे, तिला विकायचा मोह होईल. विकू नये. स्कोप गॅरेजच्या टेबलावरच राहील.

५. माझ्या मिळकतीतून इब्राहिमला काहीही दिलेलं नाही. हे चुकून राहिलेलं नाही. कारण पुढे येईल.

६. आता ज्याच्यासाठी हे लिहायला बसलो ते.

आमच्या गॅरेजचा एक नियम होता. गाडी बाहेर पडण्याआधी तिच्या कार्डावर दोन सह्या. एकाने काम करायचं, दुसऱ्याने इंजिन गरम करून ग्राफ पुन्हा बघायचा आणि मग सही करायची. कारण काही सेन्सर थंड असताना शहाण्यासारखे वागतात आणि तापले की दगा देतात.

माझा मुलगा संघर्ष चाकणच्या कंपन्यांना सुटे भाग पोचवायचा. सहा वर्षांपूर्वी मे महिन्यात त्याचा टेम्पो मध्येच बंद पडायला लागला. मी आकुर्डीला एका गिऱ्हाइकाकडे होतो. इब्राहिमने क्रँक सेन्सर बदलला. इंजिन किती फिरतंय हे सांगतो तो. तो गप्प झाला की इंजिनही गप्प. पोराला घाई होती, चाचा चाचा करून त्याने डोकं खाल्लं असणार. इब्राहिमने थंड इंजिनावर ग्राफ बघितला, बरा दिसला, आणि कार्डावर दोन्ही सह्या त्यानेच केल्या. मोशीच्या पुढे टेम्पो चालता चालता थांबला. मागून कंटेनर आला.

टेम्पो भंगारात देताना मी तो सेन्सर काढून बिस्किटाच्या डब्यात ठेवला. तेव्हापासून कुठल्याही कार्डावर मी इब्राहिमला सही करू दिली नाही. एका शेडमध्ये आम्ही फक्त गाड्यांचं बोलायचो. ईदला त्याच्या बायकोचा, फरीदाभाभीचा डबा यायचा, तो मी न उघडता परत त्यांच्या घरी पाठवायचो. रुपालीनेही चाचांशी बोलणं टाकलं. इब्राहिम दर काही महिन्यांनी म्हणायचा, तो सेन्सर एकदा लावून बघू. मी नाही म्हणायचो. सेन्सर खराब निघाला तर या माणसाचं तोंड कसं बघायचं, आणि चांगला निघाला तर मी कोणावर रागवायचं? राग होता म्हणून सकाळी उठून कामावर जाता येत होतं. जगाच्या गाड्या तपासून खायचो आणि घरचा तो बिस्किटाचा डबा तेवढा बंद ठेवला होता.

गेल्या रविवारी मीच त्याला बोलावलं. तसाच एक टेम्पो सर्व्हिसिंगला आला होता, त्याला तो सेन्सर लावला. सुरुवातीला डोंगर एकसारखे आले. मग इब्राहिमने गरम हवेची गन धरली. एक डोंगर खचला, मग दुसरा, मग रेघ सपाट झाली आणि इंजिन बंद पडलं.

बराच वेळ त्याने गन खाली ठेवली नाही. म्हणाला, "तवा गरम करून बघितलं असतं, तर पोरगं घरी जेवायला आलं असतं."

मी म्हणालो, "होय." खोटं बोलवेना.

तो फरशीवर बसला आणि रडला. मला वाटलं होतं आता राग उसळेल, तो उसळला नाही. संघर्षला मांडीवर घेऊन हॉर्न वाजवायला यानेच शिकवलं होतं. माझ्याइतकं त्या पोरासाठी रडणारं दुसरं माणूस मला कुठे मिळणार होतं? मीही शेजारी बसलो. सहा वर्षांत पहिल्यांदा पोटभर रडलो.

७. तो सेन्सर माझ्या चितेत ठेवावा. तो पुन्हा कोणी कुठे लावून बघू नये. रुपाली, तुला सगळं कळावं म्हणून लिहिलं, चाचांना जाब विचारावास म्हणून नाही. माझ्या दहाव्याच्या आत त्यांच्या घरी जा आणि भाभीच्या हातचं जेवून ये.

८. वकीलसाहेब म्हणाले, ज्याला मृत्युपत्रातून काही मिळतं त्याला साक्षीदार करू नये. म्हणून इब्राहिमला मी काही ठेवलं नाही. देण्यासारखं पुष्कळ होतं, पण मला त्याची सही हवी आहे.

ठिकाण : रहाटणी
तारीख : ९ फेब्रुवारी २०२५

भीमराज किसन सोनकांबळे (सही)

साक्षीदार १ : ज्ञानेश वसंत टिळेकर, शेजारी, रा. रहाटणी. भीमराजकाकांनी माझ्यासमोर सही केली. (सही)

साक्षीदार २ : इब्राहिम दस्तगीर मुलाणी, रा. आकुर्डी. भीमराज पूर्ण शुद्धीवर आहे. कागद पहिल्यापासून शेवटपर्यंत वाचला, मग पुन्हा एकदा वाचला. त्याने सही करताना बघितलं. माझी फक्त एकच सही केली आहे. (सही)