तेलाचा दुसरा हात

सोमवार, ४ मार्च

आणि वर म्हणे, तोंड पाडून बसू नकोस! गाडीच्या काचेकडेची टेप मी लवकर काढली, मान्य. पण रंगाआधीचा प्रायमर वाळला होता. जवळजवळ. कडेचा एवढासा पापुद्रा निघाला, तर उस्तादांनी सगळ्या गॅरेजला ऐकू जाईल असं सुनावलं — "अरे भिंगरी, तुझ्यापुढे चहा ठेवला ना, तर उकळायच्या आत पिशील!" डेंटिंगवाला हातोडा टाकून हसला.

वर्ष झालं. वर्षभर गाड्या घासतोय. पॉलिश पेपरनं बोटांची साल गेली. रंगाची गन धुवायची, पुसायची, खोक्यात ठेवायची — मारायची नाही! मागितली की एकच उत्तर, "तुला थांबता येत नाही." गन हातात आली की पेंटर, आणि पेंटरला पगार दीडपट. नाही आली तर जन्मभर घासा.

मी नाही घासणार. घरी महिन्याला सहा हजार पाठवून जे उरतं ते बिस्किटांच्या डब्यात टाकतोय. गावी जायच्या तिकिटाला चौदा हजार लागतात. आज बारा आहेत. चौदा झाले की चाललो. आईला बोललेलो नाही. हे चौथं काम. ताई तर दारातच म्हणेल, "आलास? यंदा लवकर!"

मंगळवार, ५ मार्च

उस्ताद एवढे का पिसाळलेत ते कळलं! डॉक्टरांनी छाती तपासली आणि सांगितलं, तळलेलं बंद. एकदम बंद. रोज चार वाजता कोपऱ्यावरच्या दुकानातून त्यांचे स्प्रिंग रोल यायचे. दोन, मूड असेल तर चार. त्या वेळी कुणी गाडी ठोकून आणली तरी उस्ताद उठायचे नाहीत. आता डब्यात उकडलेली फरसबी. तिच्याकडे असे बघत होते, जसं काही तिनंच यांचे पैसे बुडवलेत.

"तीस वर्षं रंगाची वाफ खाल्ली ती चालली, आणि रोल चालत नाही?"

डेंटिंगवाला माझ्या कानात, "यांना कुणीतरी रोल द्या रे, नाहीतर हे आपल्यालाच ठोकून सरळ करतील."

गुरुवार, ७ मार्च

लंबूला सांगितलं. लंबू माझा खोलीतला जोडीदार, हॉटेलात भांडी घासतो. म्हणजे आमच्या खोलीत दोघंही घासणारेच. तो म्हणाला, "तळायचे कशाला? ओव्हनमध्ये भाजायचे. आमच्याकडे पथ्यवाल्यांना तसेच देतात."

"ओव्हन कुठाय?"

"तू बूट कुठे ठेवतोस?"

खरंच की! घरमालकीणबाईंचा जुना ओव्हन खोलीतच आहे. आम्ही त्यात बूट ठेवतो. बूट बाहेर काढले. आतून तीन मोजे निघाले, त्यातला एक आमच्या दोघांचाही नाही. ओव्हन दोन तास धुतला. मग रिकामाच तापवला तर असा वास सुटला की बाई वर आल्या — "काय मेलंय का?"

लंबू म्हणतो ही लाच आहे. उस्ताद खूश तर गन मिळेल, म्हणून. मी म्हणतो औषध आहे. थोडी लाच आहे.

शनिवार, ९ मार्च

सत्यानाश. कोबी, गाजर, फरसबी, कांद्याची पात चिरली (चिरायला मी, रडायला लंबू). दुकानातून रोलच्या शीट आणल्या. भाजी परतली, सोया सॉस घातला आणि गरम गरमच चार रोल गुंडाळले. भूक लागली होती! ओव्हनमधून काढले तर खालून ओले, मधून फुटलेले, वरून पांढरे फटक. एक उचलला, भाजी ताटात आणि शीट माझ्या हातात. लंबूनं चारही खाल्ले. म्हणाला, "कोबीचं सूप म्हणून वाईट नाही."

रविवार, १० मार्च

ताईला व्हिडिओ लावला. कापलेला कोबी दाखवला तर आधी पाच मिनिटं हसलीच. आईला हाक मारून बोलावलं, "अगं बघ, हा काय करतोय!" आई म्हणाली, "बोटं सांभाळ रे बाळा." मग ताईनं शिकवणी घेतली. मीठ शेवटी, आधी घातलं की कोबी पाणी सोडतो. आच मोठी. भाजी ताटात पसरून गार करायची.

"गार म्हणजे गार! बोट लावून 'चालेल' म्हणायचं नाही."

"किती वेळ?"

"गार होईपर्यंत!"

इथेपण तेच! जिकडे जावं तिकडे मला थांबवायलाच बसलेत.

थांबलो. भाजी गार होत होती आणि मी खोलीत फेऱ्या मारत होतो. लंबू म्हणाला, "बस रे, फरशी झिजेल." मैद्याच्या खळीनं कडा चिकटवल्या. फुटला नाही एकही! पण वर तेल ओतलं ते चुकलं. एकीकडे डबकं, एकीकडे कोरडं. कुठे करपले, कुठे तेल ओघळलंय. ताट हातात धरून बघत बसलो. असे ओघळ मी रोज घासून काढतो.

बुधवार, १३ मार्च

जमले!!!

इस्त्रीच्या वेळी कपड्यांवर पाणी मारतात ती बाटली आणली. नवी कोरी — लंबूनं तीनदा विचारलं, "थिनरची नाही ना?" तिच्यात दोन चमचे तेल. लांबून, हात चालता ठेवून, एकच पातळ हात मारला. ओव्हनमध्ये दहा मिनिटं. बाहेर काढले, उलटे केले, जरा थांबलो, मग दुसरा हात. परत आत. रंग असा चढला! बदामी, सगळीकडे सारखा. चावला तर कुर्रर्र. लंबूनं बोटंसुद्धा चाटली.

उद्या नेणार. डबा नव्हता, म्हणून तिकिटाचे पैसे उशीखाली ठेवले आणि बिस्किटांचा डबा घासला.

गुरुवार, १४ मार्च

काय बोलायचं!

चार वाजता उस्तादांपुढे डबा उघडला. त्यांनी वास घेतला. डोळे मिटले. एक खाल्ला, अर्ध्यात थांबले. रोलवर नखानं टकटक केलं, जसं रंगावर करतात. मग माझ्याकडे असं बघितलं —

"तळलेत."

"नाही उस्ताद, भाजलेत. ओव्हनमध्ये."

"मला शिकवतो? हा आवाज कढईचा आहे. डॉक्टर काय म्हणाले ते ठाऊक आहे ना तुला? मला मारायला निघालास?"

डबा झाकून माझ्या हातात दिला. अर्धा रोल मात्र परत दिला नाही! डेंटिंगवाल्यानं मध्ये तोंड घातलं, तर त्यालाही शिव्या. संध्याकाळी उस्तादांच्या घरून काकूंचा फोन, थेट मला — "माझ्या नवऱ्याला तळलेलं खायला घालणारा तूच का?" मी अहो काकू, अहो काकू करत राहिलो, त्यांनी एक शब्द ऐकला नाही. शेवटी मीही चिडलो. म्हटलं, "तुमच्या घरी येतो, तुमच्या ओव्हनमध्ये, तुमच्यासमोर करून दाखवतो!"

"रविवारी ये," म्हणाल्या आणि ठेवला.

चांगलं करायला गेलो तर हे. गन राहिली, आहे ती नोकरीही जायची.

शुक्रवार, १५ मार्च

जादा कामाचे दोन हजार मिळाले. उशीखाली चौदा पूर्ण. उद्यासुद्धा निघता येईल.

रविवार, १७ मार्च

गेलो. तिकडे न जाता गावी निघून गेलो असतो, तर ते आयुष्यभर म्हणाले असते, तळलेच होते!

काकू दारात कमरेवर हात ठेवून. आधी माझी पिशवी तपासली. बाटलीतलं तेल उजेडात धरून पाहिलं. कढई होती ती उचलून कपाटात ठेवली, वर कुलूप लावायचंच बाकी होतं. उस्ताद स्टुलावर, हाताची घडी. गॅरेजमध्ये एवढा मोठा वाटणारा माणूस बायकोच्या स्वयंपाकघरात कोपऱ्यात मावला होता.

चिरलं, परतलं, ताटात पसरलं. आणि मग — काही नाही. उभा राहिलो, हात पाठीशी बांधून, नाहीतर ते भाजीत गेले असते. काकू म्हणाल्या, "आता काय?"

"गार होऊ दे काकू."

"झाली की!"

"नाही झाली."

उस्तादांनी घडी सोडली.

गुंडाळले, पहिला हात मारला, आत ठेवले. काढले, उलटले. दुसरा हात मारायच्या आधी परत उभा. पाठीमागून उस्ताद हळूच, "आता मार की."

"चमक जाऊ द्या," मी म्हटलं. तोंडातून गेलं तसंच, त्यांचंच वाक्य! रंग ओला असतो तोवर चमकतो, म्हणून दिवसातून दहादा ओरडतात ते मला. काकूंना काही कळलं नाही. उस्ताद खोकले.

पहिला रोल काकूंनी कागदावर दाबला. कागद कोरडा. दुसरा दाबला, कोरडा. मग बसून खाल्ला. "अगं बाई," एवढंच म्हणाल्या. उस्तादांनी चार खाल्ले, पाचव्याला हात घातला तर काकूंनी ताट ओढलं — "भाजले म्हणून डोंगर खायचा नाही!" निघताना मला म्हणाल्या, "फोनवर जास्त बोलले, मनावर घेऊ नकोस. आणि ती बाटली कुठे मिळते?"

उस्ताद जिन्यापर्यंत आले. मला वाटलं आता म्हणतील काहीतरी. म्हणाले, "उद्या वेळेवर ये."

एवढंच! चौदा हजार उशीखाली आहेत म्हटलं माझे, ठाऊक आहे का? मनात म्हटलं.

सोमवार, १८ मार्च

सकाळी घासायला बसलो तर उस्तादांनी समोर एक जुना बंपर आणून टाकला. आणि गन. माझ्या हातात!

"बिघडला तर तुझ्या पगारातून."

पहिला हात मारला. उस्ताद म्हणाले, "मी चहा घेऊन येतो," आणि गेले. चहा कसला, बाहेर काचेतून बघत होते, मला दिसत होते. मी हात पाठीशी बांधून उभा. डेंटिंगवाला ओरडला, "भिंगरी, झोपलास का रे?" चमक गेली तेव्हाच दुसरा हात मारला.

उस्ताद आले. वाकून, बाजूनं, उजेडात पाहिलं.

"कोपऱ्यात ओघळ आहे."

"कुठे?"

"आहे. वर्षभरानं दिसेल तुला."

मग गन परत खोक्यात ठेवायला निघालो, तर म्हणाले, "राहू दे. दुपारी दरवाजा आहे एक." आणि चार वाजता, न बघता — "डबा आणलास का?"

सोमवार, १ एप्रिल

पगार झाला. बिस्किटांचा डबा आता रोलचाच, रोज धुवावा लागतो. उशी सपाट झाली.

घरी पाठवले — सहा नाही, वीस हजार.