कढीपत्ता जगवणाऱ्या उम्म नबीलला

बये उम्म नबील, नबीलच्या आई,

विसरलीस ना गं? आधी मी जायचं, असं ठरलं होतं आपलं. थोरली मी. तरी पुढे घुसलीस! सबाह अल-सालेममधल्या, आपल्या वस्तीतल्या पावाच्या दुकानातही तुला रांग कधी लक्षात राहिली नाही.

परवा नबीलचा फोन आला. अजून या मावशीला 'खाला'च म्हणतो. "खाला, आई गेली," एवढंच बोलला नि पोरगं रडायला लागलं. तेव्हापासून जिभेवर बरंच साचलंय. मला अक्षर येत नाही, म्हणून नात लिहून घेतेय. मधेच म्हणते, "आजी, स्लो!" तू तरी आता कुठे घाईत आहेस?

इराकचं सैन्य इथे आखातात आलं, आम्ही मुंबईला पळालो, तेव्हा घराची किल्ली तुझ्या हातात टाकली होती. "कढीपत्त्याला पाणी घाल," एवढंच सांगितलं. तेही खुणेनं. तुझी अरबी, माझं मराठी, आणि मध्ये तुझ्या नबीलचं सिनेमातलं हिंदी! परत आलो तर गॅलरीत झाड हिरवंगार. नळाला पाणी नव्हतं त्या दिवसांत. तांदूळ धुतलेलं पाणी घेऊन तू माझा जिना चढत होतीस.

आणि मिळालं काय? तुमच्या पुढाऱ्यांनी इराकची री ओढली, भोगलंत तुम्ही. "पॅलेस्टिनी सगळे गद्दार," म्हणून घरं सोडायला लावली. तुझ्या हातचं खाऊन ढेकर दिलेल्या शेजाऱ्यांनी दारं लावून घेतली. तुझ्या गाद्या खाली उतरवायला मी नि माझा मुलगा, दोघंच!

मग तुझ्या पॅलेस्टिनी गावाहून नबीलचे फोन यायला लागले. बायकांची संस्था काढलीत म्हणे. बायकांनी लिहायला शिकायचं, रोपं वाढवायची, जैतुनाची, म्हणजे ऑलिव्हची, झाडं कुणी उपटली की पुन्हा लावायची. शिपाई आले की जमिनीवर बसायचं. हात उगारायचा नाही, जागा सोडायची नाही. सरावाला एक बाई शिपाई होऊन घाणघाण ओरडायची आणि बाकीच्यांनी गप्प राहायचं!

मी म्हटलं, "शिपाई तुझी आईच होत असेल."

"नाही खाला, आई गप्प बसणाऱ्यांत."

तू? पाण्याच्या टँकरवाल्यावर चप्पल उगारणारी तू?

चिडले होते मी. अजून चिडलेय. तुम्ही लावलीत, त्यांनी उपटली. पुन्हा लावलीत, पुन्हा उपटली. कुणाला लाज वाटली गं? शेवटी तुझ्या छातीत कळ आली, तर शिपायांनी नाक्यावर गाडी अडवून ठेवली. नबील दार उघडून भांडायला निघाला, तर तू त्याचा शर्ट मुठीत धरलास. सोडलाच नाहीस. दवाखान्यात पोचल्यावर बोटं सोडवावी लागली, म्हणाला.

अगं, एक शिवी तरी हासडायचीस! पोरगं जिवंत राहिलं, हे दिसतंय मला. म्हणून राग काही जात नाही.

तर ऐक. गप्प बसणं मला जमायचं नाही. कढीपत्ता अजून आहे. आपल्या या बिल्डिंगमधलं जे कोणी पानं मागायला येईल, त्याला हे झाड कोणी जगवलं ते आधी ऐकावं लागेल. ऐकायचं नसेल, तर करा म्हणावं तशीच फोडणी!

तुझी वरच्या मजल्यावरची,
नबीलची खाला
(सही नाही, अंगठा आहे)

ता. क. नबीलच्या स्वप्नात जा आणि सांग, जैतून पाठव. आम्हाला कडू सोसत नाही म्हणून तू रोज पाणी बदलून भिजवायचीस. आता पाणी बदलत बसू नका म्हणावं. कडूच पाठवा.