मोगऱ्याच्या आळ्यातली आंघोळ

तेर, मंगळवार, एप्रिल १९७३

माझ्यावरच्या अन्यायाची नोंद कुठंतरी व्हायला हवी. आजही बिनसाबणाची आंघोळ, तीही अंगणातल्या मोगऱ्याच्या आळ्यात उभं राहून. साबणानं झाड मरेल, असं हिचं म्हणणं. नवरा आंबला तरी चालेल. शेजारच्या गयाबाई दुष्काळी कामावर खडी फोडायला निघता निघता कुंपणावरून ओरडल्या, "गुरुजी, अंग चोळा की नीट! मळ लई मानवतो झाडाला."

गेल्या आठवड्यात आम्ही वाशीला नातलगांकडे अडकलो, तेव्हा मोगरा गेलाच असं धरून चाललो होतो. परतलो तर आळं ओलं! गयाबाईंनी आपल्या पिण्याच्या घागरीतलं पाणी घातलेलं. असल्या दिवसांत!

आज पहिल्या कळ्या उमलल्या. विहीर आटल्यापासून गप्प झालेली ही संध्याकाळी त्या झाडाशेजारी ज्वारी निवडत चक्क गुणगुणत होती. मीही जाऊन बसलो. बराच वेळ कुणाला टोचून बोललो नाही, साबणाचासुद्धा विषय काढला नाही. झाडाचीच करामत, दुसरं काय?

तेवढ्यात टँकर आला. गयाबाई अजून कामावरून परतायच्या होत्या. त्यांच्या दारातली रिकामी घागर उचलली, रांगेत आमच्या आधी लावली आणि भरून गुपचूप त्यांच्या उंबऱ्याशी ठेवून आलो.